‘आर्डन’ या नावाचा अर्थ, त्याचा स्वभाव आणि ते नेमके कोणाचे नाव आहे

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. तुम्ही मराठी, तुमचे पती इंग्रज आणि घर बर्मिंगहॅमच्या दक्षिणेला. बाळ दोन महिन्यांत येईल आणि तो मुलगा आहे की मुलगी हे तुम्ही दोघांनी मुद्दाम विचारून घेतलेले नाही. दोघांनाही शोभेल असे एकच नाव तुमच्या मनात आहे, ते म्हणजे ‘आर्डन’. परंतु नावांच्या याद्यांमध्ये त्याचे तीन वेगवेगळे अर्थ तुम्हाला सापडले: कुठे ‘ज्वलंत, उत्कट’, कुठे ‘गरुडांची दरी’, तर कुठे नुसतेच ‘उंच’. यांतला खरा अर्थ कोणता, नावाचा स्वभाव कसा आहे, ते मुलगा आणि मुलगी दोघांना सारखेच चालेल का, आणि नाशिकच्या आजी-आजोबांच्या तोंडी ते बसेल का, असे तुम्ही विचारले आहे.

इंग्रजी स्थलनामे आणि व्यक्तिनामे हा माझा गेल्या पंचवीस वर्षांचा शिकवण्याचा विषय आहे, आणि नाव ठरवण्यापूर्वी सल्ला मागणारे पालकही या काळात बरेच भेटले. त्यांतल्या फार थोड्यांनी इतके चांगले नाव समोर ठेवले होते, म्हणून उत्तर जरा लांबेल. निर्णय मात्र आधीच सांगते. आर्डनचा अर्थ ‘उंच प्रदेश’ असा आहे. व्यक्तीचे नाव होण्याच्या कितीतरी आधीपासून ते एका मुलखाचे नाव आहे, आणि ते मुलगा-मुलगी दोघांचे होऊ शकते याचे कारणही तो मुलूखच आहे.

प्रथम चुकीचे अर्थ बाजूला काढू. ‘ज्वलंत’ हा अर्थ लॅटिनमधील ‘आर्देरे’, म्हणजे जळणे, या क्रियापदावरून चिकटवलेला आहे. त्या क्रियापदापासून इंग्रजीत ‘उत्कट’ या अर्थाचा ‘आर्डंट’ हा शब्द आला, आणि तो आर्डनसारखा ऐकू येतो, एवढाच काय तो संबंध. ध्वनी जुळला म्हणजे कूळ जुळले असे होत नाही. ‘गरुडांची दरी’ हा अर्थ थोडा अधिक विचारपूर्वक रचलेला आहे, कारण जुन्या इंग्रजीत गरुडासाठी आणि दरीसाठी असलेले दोन शब्द जोडले तर या नावाच्या जवळपास जाणारे रूप खरोखरच तयार होते. पण इंग्लंडच्या मध्यभागातल्या वॉरिकशर या परगण्यातला आर्डन हा प्रदेश आणि त्याचे नाव इंग्रजी भाषा ब्रिटनच्या बेटावर येण्याच्या आधीचे आहे. जी भाषा तिथे अजून पोहोचलीच नव्हती, तिच्या शब्दांनी त्या नावाची फोड करता येत नाही. मी स्वतः अगदी सुरुवातीच्या काळात एका कुटुंबाला ‘ज्वलंत’ हाच अर्थ सांगितला होता आणि पुढे त्यांना पत्र लिहून तो मागे घ्यावा लागला. तेव्हापासून मूळ शोधल्याशिवाय कोणत्याही नावाचा अर्थ सांगायचा नाही, हे मी पाळत आले आहे.

ते मूळ केल्टिक आहे. रोमनांच्या आणि त्यानंतर आलेल्या सॅक्सन लोकांच्या आधी ब्रिटनमध्ये केल्टिक भाषा बोलल्या जात होत्या, आणि त्यांत ‘उंच’ या अर्थाचा ‘आर्ड’ हा धातू होता. आयरिश भाषेत तो आजही जिवंत आहे: ‘आर्ड री’ म्हणजे श्रेष्ठ राजा, राजांचा राजा. उत्तर आयर्लंडमधील आर्मा या शहराचे आयरिश नाव ‘आर्ड माखा’, म्हणजे माखाची टेकडी. आयर्लंडमधल्या रेल्वे स्थानकावर फलाटासाठी ‘अर्डान’ असा शब्द लिहिलेला दिसतो, कारण फलाट हीसुद्धा एक उंच केलेली जागाच आहे. याच कुळातले एक मोठे वन युरोपच्या मुख्य भूमीवर, आजच्या बेल्जियम, लक्झेंबर्ग आणि फ्रान्समध्ये पसरलेले आहे. इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकात ज्युलियस सीझरने त्याचा उल्लेख ‘आर्डुएन्ना’ असा केला आणि गॉलमधले, म्हणजे आजच्या फ्रान्सच्या आसपासच्या प्रदेशातले, ते सर्वांत मोठे वन असल्याचे नोंदवले. आपण आज त्याला आर्देन म्हणतो.

मराठी वाचकाला खरा आनंद पुढच्या गोष्टीत आहे. तुलनात्मक भाषाशास्त्रात हा केल्टिक ‘आर्ड’, लॅटिनमधला ‘उभा चढ’ या अर्थाचा ‘आर्दुउस’ आणि आपला ‘ऊर्ध्व’ हे शब्द एकाच घराण्यातले म्हणून शेजारी मांडले जातात. मोनियर विल्यम्स यांच्या संस्कृत कोशातही ‘ऊर्ध्व’ या नोंदीत ही तुलना दिलेली आहे. तेव्हा ‘ऊर्ध्व दिशा’ म्हणताना आपण जो शब्द वापरतो, त्याचा एक दूरचा भाऊ तुमच्या घराजवळच्या मुलखाच्या नावात गेली दोन हजार वर्षे राहतो आहे. नाशिकला बारशाच्या वेळी नावाचा अर्थ विचारला गेला, तर हे उत्तर नि:संकोचपणे द्या.

मात्र याच ठिकाणी एक सावधगिरी सांगितली पाहिजे. आर्डन हे वनाचे नाव असल्यामुळे अनेकांना लगेच ‘अरण्य’ हा शब्द आठवतो आणि दोन्ही एकच आहेत असे वाटू लागते. तसे नाही. ‘अरण्य’ हा शब्द ‘अरण’, म्हणजे परका, दूरचा, यावरून आला आहे. वस्तीपलीकडची, आपली नसलेली जमीन ती अरण्य. त्यात उंचीचा काही संबंध नाही. कानाला जवळ वाटणारा ‘अरण्य’ परका निघतो आणि कानाला दूर वाटणारा ‘ऊर्ध्व’ नात्यातला निघतो, हे शब्दांच्या अभ्यासात वारंवार अनुभवाला येते.

आता त्या मुलखाकडे वळू, कारण नावाचा स्वभाव तिथेच घडला आहे. एव्हन नदीमुळे वॉरिकशरचे दोन भाग पडतात. दक्षिणेचा मोकळा, शेतीचा, सपाट भाग तो फेल्डन, आणि उत्तरेचा झाडीचा भाग तो आर्डन. सोळाव्या शतकाच्या अखेरीस विल्यम कॅमडेन या विद्वानाने ब्रिटनचे वर्णन लिहिले, तेव्हा त्यानेही हीच विभागणी केली होती. इथली उंची सह्याद्रीसारखी नाही. नदीच्या खोऱ्यापेक्षा वर उचललेले, लहान-मोठ्या टेकड्यांचे ते एक पठार आहे, आणि आजचे बर्मिंगहॅम त्याच्याच अंगावर वसलेले आहे. रोमनांनी बांधलेले मोठे रस्ते या झाडीला वळसा घालून गेले आणि आतला भाग राजमार्गांपासून बाजूलाच राहिला. नंतरच्या काळात लोकांनी थोडी थोडी झाडी तोडून आपापली लहान शेते केली, त्यांना कुंपणाच्या झुडपांच्या रांगा लावल्या आणि ओकच्या लाकडाची घरे बांधली. ‘फॉरेस्ट’ या शब्दाचा मध्ययुगीन इंग्लंडमधला कायदेशीर अर्थ राजाचे राखीव शिकारीचे रान असा होता. आर्डनवर मात्र तो वनकायदा लागू नव्हता. ते वन कोणा राजाच्या करमणुकीसाठी राखलेले नव्हते, त्यात राहणाऱ्या लोकांचे होते, आणि हा फरक मला फार मोलाचा वाटतो.

हेनली-इन-आर्डन, हॅम्पटन-इन-आर्डन आणि टॅनवर्थ-इन-आर्डन या गावांच्या नावांत तो प्रदेश आजही दिसतो. त्यांपैकी हेनली या नावाचा जुन्या इंग्रजीतील अर्थ ‘उंचावरची झाडी किंवा झाडीतली मोकळी जागा’ असा लावला जातो. म्हणजे हेनली-इन-आर्डन म्हणताना एकाच जागेची उंची दोन भाषांत, दोनदा सांगितली जाते. आधी केल्टिक लोकांनी सांगितली, आणि मागून आलेल्यांनी जुन्या नावाचा अर्थ माहीत नसताना पुन्हा सांगितली.

मुलखावरून आडनाव झाले. 1066 मध्ये नॉर्मन लोकांनी इंग्लंड जिंकल्यावर जुन्या इंग्रज जमीनदारांपैकी बहुतेकांच्या जमिनी गेल्या, परंतु वॉरिकशरमधला थॉर्केल हा त्यांतून टिकला. 1086 च्या डूम्सडे नोंदवहीत त्याच्या नावावर मोठी जमीन दिसते, आणि आर्डन घराणे त्याचेच वंशज मानले जाते. नॉर्मनपूर्व पुरुषापर्यंत आपली वंशरेषा नेऊ शकणारी इंग्लंडमध्ये जी अगदी मोजकी घराणी आहेत, त्यांत आर्डनची गणना होते. याच आडनावाच्या विल्मकोट गावातल्या एका सधन शेतकऱ्याला, रॉबर्ट आर्डनला, आठ मुली होत्या, आणि सर्वांत धाकटीचे नाव मेरी. 1556 मध्ये वडील वारले तेव्हा जमिनीचा चांगला हिस्सा त्यांनी या धाकटीला ठेवला. तिने स्ट्रॅटफर्डच्या जॉन शेक्सपिअरशी लग्न केले, आणि 1564 मध्ये तिच्या पोटी विल्यम जन्माला आला. विल्मकोटमध्ये ‘मेरी आर्डनचे घर’ म्हणून एक लाकडी घर पर्यटकांना अनेक दशके दाखवले जात होते. 2000 साली कागदपत्रांच्या तपासणीतून लक्षात आले की ते घर शेजाऱ्याचे होते, आणि आर्डन कुटुंबाचे खरे घर त्याच्या बाजूचेच होते. नावांच्या खोट्या अर्थांशी सतत झगडताना मला ही घटना नेहमी आठवते.

पुढे शेक्सपिअरने आपल्या आईचे आडनाव असलेल्या वनात एक संपूर्ण सुखान्त नाटक घडवले. साधारण 1599 मध्ये लिहिलेले आणि 1623 मध्ये त्याच्या नाटकांच्या पहिल्या संग्रहात प्रथम छापलेले ‘ॲज यू लाइक इट’ हे नाटक आर्डन या नावाशी इतके बांधले गेले आहे की त्याच्याविषयी बोलल्याशिवाय आर्डनचा स्वभाव सांगताच येणार नाही. कथा त्याने टॉमस लॉज या लेखकाच्या 1590 मधील कादंबरीवरून घेतली. ती कथा युरोपातल्या आर्देनमध्ये घडते, पण शेक्सपिअरच्या हातात ते वन अर्धे फ्रेंच आणि अर्धे घराजवळचे झाले. त्यात सिंहीण आहे, ताडाचे झाड आहे, ऑलिव्हची कुंपणे आहेत, आणि त्याच वेळी वॉरिकशरचे मेंढपाळही आहेत. भावाने राज्य हिरावून घेतलेला ड्यूक या वनात येऊन राहतो. घरातून आणि दरबारातून हाकलले गेलेले एकेक जण त्याच्यामागून येतात आणि इथे त्यांना कोणी हाकलत नाही. आपल्याकडे ज्याला वनवास म्हणतात, त्याचे हे इंग्रजी रूप आहे. फक्त या वनवासात शिक्षेपेक्षा सुटकेचा भाग अधिक आहे. जग म्हणजे रंगभूमी, असे सांगणारे ते प्रसिद्ध भाषणही याच वनात उच्चारले जाते.

तुमच्या प्रश्नासाठी त्या नाटकातली महत्त्वाची व्यक्ती म्हणजे रोझलिंड. ती आर्डनच्या वनात पुरुषवेशाने प्रवेश करते आणि गॅनिमीड हे नाव घेते. ऑर्लंडो तिच्यावर प्रेम करतो, पण समोरच्या तरुणाला ओळखत नाही. मग हा ‘तरुण’ त्याला म्हणतो की मी काही काळ रोझलिंड होतो, तू माझ्याशी प्रेमाचा सराव कर. आता हे ध्यानात घ्या की इंग्लंडच्या व्यावसायिक रंगभूमीवर 1660 पर्यंत स्त्रिया काम करीत नसत, त्यामुळे रोझलिंडची भूमिका एक मुलगाच करीत असे. म्हणजे मुलगा मुलीची भूमिका करतो, ती मुलगी मुलगा होते, आणि तो मुलगा पुन्हा मुलगी झाल्याचे सोंग घेतो. नाटकाच्या शेवटच्या भाषणात तर नट स्वतःच, मी स्त्री असतो तर, असे बोलून हा पडदाही दूर करतो. ज्या महाराष्ट्राने बालगंधर्वांची शारदा आणि भामिनी डोळे भरून पाहिली, आणि अज्ञातवासातल्या अर्जुनाला बृहन्नडेच्या रूपात सांभाळून घेतले, त्याला ही गोष्ट समजायला वेळ लागत नाही. मुलगा की मुलगी हा प्रश्न ज्या एका जागी बाजूला ठेवता येतो, अशी जागा म्हणून आर्डन इंग्रजी मनात चारशे वर्षे रुजलेली आहे. त्याचे नाव दोघांनाही शोभते, यामागे नुसती आजची आवड नाही.

याच आठवणीने अमेरिकेतल्या डेलावेअर राज्यात 1900 साली फ्रँक स्टीव्हन्स हा शिल्पकार आणि विल प्राइस हा वास्तुकार यांनी एक गाव वसवले आणि त्याला आर्डन हे नाव दिले. जमीन सर्वांच्या मालकीची, घरे ज्याची त्याची, आणि जमिनीच्या भाड्यातून गावाचा खर्च, या तत्त्वावर ते उभे राहिले आणि आजही आहे. तिथे नाटके होत, आणि हस्तकलेला मान होता. आर्डन म्हटले की आसरा, झाडी आणि आपल्या मर्जीने जगण्याची मुभा, ही भावना समुद्रापार गेली ती अशी.

नावाचा ‘स्वभाव’ असा शब्द तुम्ही वापरला आहे, म्हणून माझी भूमिका सांगते. अमुक नावाचे मूल जिद्दी निघते किंवा शांत निघते, असे मी कोणालाही सांगत नाही, कारण त्याला आधार नाही. नावाला जो स्वभाव असतो तो त्याच्या ध्वनीतून, त्याच्या मुळातून आणि त्याने आजवर केलेल्या सोबतीतून येतो. ध्वनीच्या बाजूने पाहिले तर आर्डन दोन अवयवांचे, पहिल्यावर आघात असलेले नाव आहे. मोकळ्या दीर्घ ‘आ’ने ते सुरू होते आणि ‘न’वर हळूच मिटते. इंग्रजीत शेवटी ‘न’ येणारी रॉबिन, मॉर्गन, रोवन, एव्हलिन अशी कितीतरी नावे दोन्हीकडे वावरली आहेत. ‘आ’कारान्त नाव इंग्रजी कानाला लगेच मुलीचे वाटते, तसे ‘न’चे होत नाही.

सोबतीच्या बाजूने काही गोष्टी आधीच माहीत असलेल्या बऱ्या. 1864 मध्ये टेनिसनने ‘ईनॉक आर्डन’ ही दीर्घ कविता प्रसिद्ध केली. त्यात समुद्रात हरवलेला खलाशी वर्षानुवर्षांनी घरी परततो, बायकोने दुसरा संसार मांडलेला पाहतो आणि तिच्या सुखासाठी स्वतःची ओळख न देता निघून जातो. अमेरिकेत, बेपत्ता जोडीदाराविषयीच्या कायद्यांना त्यावरून ‘ईनॉक आर्डन कायदे’ म्हणू लागले. कॅनडात जन्मलेल्या फ्लॉरेन्स नाइटिंगेल ग्रॅहम या उद्योजिकेने 1910 मध्ये न्यूयॉर्कमध्ये सौंदर्यप्रसाधनांचे दालन काढताना ‘एलिझाबेथ आर्डन’ हे नाव घेतले, आणि आडनाव तिने टेनिसनच्या कवितेवरून उचलले असे सांगितले जाते. त्यामुळे ब्रिटनमध्ये काहींना या नावाबरोबर अत्तराची बाटली आठवेल. यात वाईट काही नाही. इंग्रजी साहित्य घेऊन एम.ए. केलेल्या मराठी माणसाला मात्र महाविद्यालयाच्या ग्रंथालयातली ‘आर्डन शेक्सपिअर’ ही मालिका आठवेल. 1899 मध्ये सुरू झालेल्या त्या मालिकेतल्या टीपांवर आमच्यासारख्यांच्या कित्येक पिढ्यांनी परीक्षा दिल्या आहेत.

आता मुलगा की मुलगी या मुद्द्याविषयी. इंग्रजीत आडनावाचे पहिले नाव करण्याची रीत जुनी आहे. सरदार-जमीनदार घराण्यांत आईचे माहेरचे आडनाव मुलाला पहिले नाव म्हणून देत असत, म्हणून अशी नावे सुरुवातीला बहुतेक मुलांची होती. नंतर ती मुलींकडे सरकली. शर्ली हे त्याचे सर्वांत स्पष्ट उदाहरण. 1849 मध्ये शार्लट ब्राँटीने आपल्या नायिकेला हे नाव दिले, तेव्हा ते पुरुषाचे समजले जात होते, आणि मुलगा हवा असलेल्या आईबापांनी मुलीला ते दिले असे कथेतच सांगितलेले आहे. पुढे शर्ली पूर्णपणे मुलींचे झाले. लेस्ली, बेव्हर्ली, ॲशली यांचा प्रवासही त्याच दिशेने गेला. एकदा एखादे नाव मुलींमध्ये फार दिसू लागले की मुलांचे पालक ते सोडून देतात, आणि उलट दिशेने जाणारे नाव जवळजवळ सापडत नाही. हे मला खटकते, कारण त्यात मुलीचे नाव मुलाला कमीपणा आणते ही समजूत दडलेली आहे, पण ते घडते हे खरे. आर्डन यातून आजवर वाचले ते केवळ विरळ असल्यामुळे. लाट यायला मुळात पाणी भरपूर लागते. हे नाव पुरुषही लावतात आणि स्त्रियाही. अमेरिकन फुटबॉलमधला आर्डन की हा पुरुष आहे, तर टेक्ससमध्ये जन्मलेली कोरियन वंशाची अभिनेत्री आर्डन चो ही स्त्री आहे. आयर्लंडच्या पुराणकथांतही हे मूळ पुरुषाच्या नावात येते, कारण डेर्ड्राच्या कथेतल्या तीन भावांपैकी एकाचे नाव अर्डान. आणि आर्देनच्या वनाची जी देवता रोमन काळातल्या शिलालेखांत आढळते, ती आर्डुइन्ना ही स्त्री आहे.

इंग्लंडमध्ये नावावरून लिंग कळलेच पाहिजे असा कोणताही नियम नाही. पण तुमच्या घरातून कोणी उद्या जर्मनीत गेले तर माहीत असावी अशी एक घटना आहे, आणि तिचा धागा आपल्याकडे येतो. जर्मनीत नावावरून मुलगा की मुलगी हे कळले पाहिजे, असा आग्रह नोंदणी कार्यालये दीर्घकाळ धरीत. भारतीय पार्श्वभूमीच्या एका कुटुंबाने मुलीचे नाव ‘किरण’ ठेवले, तेव्हा ते नाव दोघांचे असते म्हणून नोंदणी नाकारली गेली. प्रकरण तिथल्या घटनात्मक न्यायालयापर्यंत गेले आणि 5 डिसेंबर 2008 रोजी न्यायालयाने पालकांच्या बाजूने निर्णय दिला. आपल्याला यात अडचण कशी वाटावी? यष्टिरक्षक किरण मोरे आणि पोलीस अधिकारी किरण बेदी ही दोन्ही नावे आपण एकाच दमात घेतो. सुहास नावाचे काका असतात, तशा अभिनेत्री सुहास जोशीही आहेत. दोघांचे नाव ही कल्पना नाशिकला नवी नाही, एवढे तुमच्या सासर-माहेरच्यांना सांगता येईल.

नवी अडचण येईल ती व्याकरणाची. इंग्रजीत नाव तटस्थ असले तर वाक्यही बराच वेळ तटस्थ राहू शकते. मराठीत क्रियापदच बोलते. ‘आर्डन आला’ किंवा ‘आर्डन आली’ म्हटल्याबरोबर प्रश्न मिटतो. म्हणजे तुमच्या घरात हे नाव इंग्रजीत मोकळे राहील आणि मराठीत लगेच एक बाजू घेईल. मला यात हानी दिसत नाही. मराठीने लहान मुलांना याबाबतीत नेहमीच सवलत दिली आहे. जन्माला येईपर्यंत आणि त्यानंतरही बराच काळ ते ‘बाळ’ असते आणि ‘बाळ झोपलं’ असे नपुंसकलिंगातच बोलले जाते, शिवाय मुलीलाही लाडाने ‘ये रे माझ्या सोन्या’ म्हणणाऱ्या आया घरोघरी आहेत.

उच्चाराचा प्रश्न थोडा जास्त लक्ष देण्यासारखा आहे. दक्षिण इंग्लंडच्या बोलीत ‘र’ ऐकू येत नाही, नाव ‘आऽडन’ असे उमटते आणि गार्डन, पार्डन, हार्डन यांच्याशी यमक साधते. त्यावरून शाळेत चिडवाचिडवी होऊ शकते, पण ती बोचरी होईल असे नाही, कारण गार्डन म्हणजे बागच. अमेरिकेत ‘र’ स्पष्ट असतो. मराठी माणूस तो ‘र’ उच्चारणारच, आणि घाईत बोलले तर ‘आरडन’ होऊन ‘आरडणे’ या क्रियापदाची, आरडाओरड्याची आठवण येण्याचा धोका आहे. म्हणून देवनागरीत नेहमी जोडाक्षराने ‘आर्डन’ असेच लिहा आणि आजी-आजोबांना पहिल्या दिवसापासून तसेच म्हणून दाखवा. पहिला ‘आ’ लांबवून, ‘ड’वर जोर न देता म्हटले की ती आठवण मागे पडते. लाडाने ते ‘आरू’ होईल, इंग्रजीत ‘आर्डी’. दोन्ही चांगली आहेत. न्यूझीलंडच्या माजी पंतप्रधान जसिंडा आर्डर्न यांच्या आडनावात एक ‘र’ जास्त आहे, त्यामुळे लोक स्पेलिंगमध्ये तो घालतील, आणि ते दुरुस्त करण्याची सवय तुम्हाला ठेवावी लागेल. घरात कोणी नावरस नावाचा विचार करणार असेल, तर ‘अ’ हे कृत्तिकेच्या पहिल्या चरणाचे, म्हणजे मेष राशीचे अक्षर धरतात. बाळाच्या जन्मवेळेशी ते जुळले नाही तर जन्मनाव वेगळे ठेवून व्यवहारात आर्डन ठेवण्याची वाट आपल्याकडे मुळातच आहे.

नाव विरळ आहे, याचाही अर्थ नीट समजून घ्या. इंग्लंड आणि वेल्सच्या वार्षिक नोंदींत तीनपेक्षा कमी बाळांना दिलेली नावे प्रसिद्ध केली जात नाहीत, आणि अमेरिकेत ही मर्यादा पाचची आहे. आर्डन या याद्यांमध्ये दिसते, पण गर्दीत नाही. वर्गात त्याच नावाचे दुसरे मूल असण्याची शक्यता फार कमी आहे, तरीही शिक्षकांना ते वाचताना अडखळायला होत नाही. विरळ आणि तरीही ओळखीचे, असे नाव शोधणाऱ्या पालकांना मी बहुधा थोडी वाट पाहा म्हणून सांगते. तुम्हाला ते सांगण्याची गरज मला वाटत नाही, कारण तुम्ही राहता त्या भूमीचेच ते नाव आहे, आणि बाळाला पुढे कोणी विचारले की हे नाव कुठून आले, तर त्याला किंवा तिला खिडकीबाहेर बोट दाखवता येईल.

दुसरे नाव, म्हणजे इंग्रजी पद्धतीचे मधले नाव, अजून ठरले नसेल तर ‘किरण’चा विचार करा. आर्डन किरण आणि त्यापुढे तुमच्या पतींचे आडनाव: दोन्ही नावे दोघांची, एक त्या मुलखाची आणि एक आपल्याकडची, आणि ‘न’ व ‘ण’ यांची सांगड कानाला सुखद. वडिलांचे नाव मधे घालण्याची आपली पद्धत ठेवायची असल्यास तीही इंग्लंडमध्ये चालते, पण पासपोर्टवर ते दिलेल्या नावांतच धरले जाईल, हे लक्षात ठेवून सुरुवातीपासून सर्व कागदांवर एकच क्रम ठेवा.

इंग्लंडमध्ये जन्माची नोंद 42 दिवसांच्या आत करायची असते, आणि नोंद झाल्यावरही पहिल्या बारा महिन्यांत पहिले नाव बदलण्याची किंवा वाढवण्याची सोय असते. म्हणजे बाराव्या दिवशी आत्येने, किंवा आत्या तिकडे नसेल तर तिच्या जागी मानाने बसवलेल्या कोणीही, बाळाच्या कानात ‘आर्डन’ असे हळूच सांगितल्यानंतर तुमच्या हाती पूर्ण महिनाभर उरतो. तेवढ्या दिवसांत रात्रीच्या जागरणात, दूध पाजताना, दारातून हाक मारताना ते नाव मोठ्याने म्हणत राहा. महिन्याच्या शेवटी ते तुमच्या तोंडून विचार न करता येऊ लागले, तर नोंदणी कार्यालयात जाऊन तेच लिहा.